अकरा चाळीस आणि चार दहा

न्यायालयाचा कागद आला की नाना टेबलाखाली चपला काढून ठेवायचे, उभे राहायचे आणि तो पहिल्या ओळीपासून शेवटच्या सहीपर्यंत मोठ्याने वाचायचे. वकिलांची नावंसुद्धा गाळायचे नाहीत. कागद इंग्रजीत असला तर आधी इंग्रजीत, मग त्यांच्या स्वतःच्या मराठीत. तेवढा वेळ खोलीत कुणी बोलायचं नाही, चहावाल्यानेही दारातच थांबायचं. वाचून झालं की ते भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत, मग मनगटावरच्या, मग मोबाइलकडे. तिघांचं एकमत झालं की नोंदवहीत तारखेपुढे वेळ लिहीत. नुसता तास नाही, मिनिटंसुद्धा.

पालघरच्या आमच्या सरकारी कार्यालयात नाना बारनिशीला होते. बारनिशी म्हणजे बाहेरून आलेला प्रत्येक कागद जिथे नोंदवून घेतात आणि जाणारा प्रत्येक कागद जिथून शिक्का मारून पाठवतात, ते टेबल. या टेबलावर सहसा कुणी राजीखुशीने बसत नाही. नाना बावीस वर्षं बसले. बढतीने दुसरीकडे जायची वेळ दोनदा आली, दोनदा त्यांनी लेखी नकार दिला.

मी लातूरकडची. नवरा बोईसरच्या कारखान्यात, म्हणून परीक्षा देऊन मी हा जिल्हा मागून घेतला. पहिल्याच आठवड्यात मी एक पत्र तयार करून नानांकडे जावक नंबर घ्यायला नेलं. शेवटी लिहिलं होतं, "तरी उचित कार्यवाही व्हावी." नानांनी ते परत केलं. म्हणाले, उचित म्हणजे काय ते समोरच्याने ओळखायचं का? करायचं की नाही, आणि काय करायचं, ते लिहा. मी आस्थापना शाखेची, ते बारनिशीचे. माझं पत्र तपासायचा त्यांना काही अधिकार नव्हता. पण मी ते बदलून आणलं. पुढे कुठल्याच पत्रात तो शब्द लिहायचं मला धाडस झालं नाही.

शिरगावात त्यांची वाडी होती, नारळ-सुपारीची, पिढ्यान् पिढ्यांची. तिथून ते सायकलने यायचे, पांढरा अर्ध्या बाह्यांचा शर्ट घालून. डब्यात तांदळाची भाकरी आणि सुकट. त्या वासापायी त्यांचं टेबल कधीकाळी खिडकीशी हलवलं गेलं होतं. त्याचा त्यांना अभिमान होता. उजेड चांगला येतो म्हणायचे. ऑफिसात बोलताना मराठी शासकीय, ताठ. मनातलं काही बोलायचं असलं की मात्र गावची बोली आपसूक यायची.

एकदा मी विचारलं, नाना, न्यायालयाच्या कागदाला एवढा मान का? आपण काही कधी कोर्टाची पायरी चढलेलो नाही. त्यांनी भाकरीचा तुकडा खाली ठेवला.

"कोर्टाकडे काय हाय, बाई? फौज नाय, लाठी नाय. ते कागद काढतात नि घरी जातात. तो पाळायचा की नाय ते हितं ठरतं, ह्या टेबलावर. आपल्यावर विसंबून घरी जातात ते."

हे वाक्य मी तेव्हा नुसतं ऐकलं.

अंतरिम आदेशाबद्दल तर ते हट्टीच होते. अंतिम निकाल लागेपर्यंत काय करावं किंवा करू नये, एवढंच अंतरिम आदेशात असतं. ऑफिसात हमखास कुणीतरी म्हणायचं, अंतरिमच आहे, कुठे निकाल लागलाय. नाना त्यावर खाडीच्या बांधाचं उदाहरण द्यायचे. शेत कुणाचं हा तंटा मिटेपर्यंत भरतीचं पाणी आत येऊ नये म्हणून बांध घालतात. बांध तात्पुरता आहे म्हणून फोडला, तर तंटा मिटेपर्यंत शेत खारं होऊन बसतं. मग जिंकणाऱ्याला काय मिळालं? समोरचा मान हलवायचा आणि निघून जायचा. नाना पुन्हा नोंदवहीत डोकं घालायचे.

ज्या प्रकरणासाठी मी हे लिहिते आहे, ते एका नर्सबाईचं. सफाळ्याच्या आतल्या बाजूला, डोंगराकडच्या एका पाड्याजवळ आमचं आरोग्य उपकेंद्र आहे. दोन खोल्या आणि एक ओटी. तिथे ती अकरा वर्षं तात्पुरत्या नेमणुकीवर होती. दरवर्षी नवा आदेश, वर एक दिवसाचा खंड, पुन्हा आदेश. त्या वर्षी साहेबांनी तिला कमी करायचं ठरवलं. ती जागा दुसऱ्या कुणासाठी तरी हवी होती, एवढंच आम्हाला कळलं. साहेब नवे होते, तरुण होते, वाईट नव्हते. वरून फोन आला की त्यांचा आवाज बारीक व्हायचा.

तिला कमी करण्याच्या पत्रावर साहेबांनी बुधवारी सही केली. पत्र माझ्याच टेबलावर तयार झालं, पण जावक नंबर पडला नव्हता. दरम्यान ती उच्च न्यायालयात गेली होती. शुक्रवारी सकाळी तिचा भाऊ वकिलाचं पत्र आणि आदेशाची प्रत घेऊन आला. नानांनी चपला काढल्या, उभे राहिले, वाचलं. पुढील तारखेपर्यंत या बाईंना कामावरून कमी करू नये, आणि सर्व संबंधितांनी संगणकावरून काढलेल्या या प्रतीवरच अंमल करावा. भिंत, मनगट, मोबाइल. अकरा वाजून चाळीस मिनिटं. भावाच्या प्रतीवर त्यांनी तीच वेळ घालून पोच दिली आणि आदेश स्वतः साहेबांच्या टेबलावर नेऊन ठेवला.

दुपारी तीनच्या सुमाराला साहेबांनी नानांना आणि मला आत बोलावलं. म्हणाले, पत्रावर माझी सही बुधवारची आहे. बुधवारचाच जावक नंबर घाला आणि पाठवून द्या. म्हणजे आदेश यायच्या आधीच पत्र निघालं असं होईल.

नाना म्हणाले, "बुधवार बंद झाला, साहेब."

साहेबांना कळेना. नानांनी समजावलं की बुधवारच्या शेवटच्या नंबराखाली त्यांनी रेघ मारली आहे, गुरुवारच्याही. त्या दोन रेघांच्या वर आता काही लिहिता येणार नाही. साहेब चिडले. समजूत घातली, मग निवृत्तीला किती महिने राहिले ते विचारलं. नाना म्हणाले, चौदा. साहेबांनी पत्र नानांकडे सरकवलं. म्हणाले, ठीक आहे, आजचा नंबर घाला, आजची तारीख घाला, पण पत्र आज गेलं पाहिजे.

मी नानांकडे बघत होते. बुधवारच्या तारखेला त्यांनी नाही म्हटलं, तेव्हा मला त्यांचा अभिमान वाटला होता. दहा वर्षांत मी कुठल्याच साहेबांना तसं काही बोलू शकले नव्हते. नानांनी पत्र घेतलं, बाहेर आले, शिक्का मारला, नंबर घातला, वेळ लिहिली. चार दहा. पाकीट स्वतः बंद केलं, त्यावर सही केली आणि पाठवून दिलं. तारीख खरी राहिली याचंच मला कौतुक वाटत होतं. पत्र गेलं, हे माझ्या डोक्यातच आलं नाही.

सोमवारी ती बाई ऑफिसात आली. तिच्या एका हातात न्यायालयाचा आदेश होता, दुसऱ्यात आमचं पत्र. साहेब तिला भेटले नाहीत. प्रकरण न्यायप्रविष्ट आहे, एवढं सांगायला मला पाठवलं. ती बारनिशीच्या दाराशी थोडा वेळ उभी राहिली. नाना नोंदवहीतून वर बघेनात. ती गेली. त्या दिवशी नानांनी डबा उघडला नाही.

मग दोन महिने तसेच गेले. नवी नेमणूक कोर्टामुळे अडली, उपकेंद्राला कुलूप होतं. दुसऱ्या ठिकाणची नर्स आठवड्यातून एकदा येऊन जायची. आमची बाई मात्र रोज सकाळी नऊला जाऊन ओटीवर बसायची, असं कानावर येत होतं. नानांनी साहेबांना तीनदा लेखी टिपणी दिली की आदेश लागू आहे, पत्र मागे घ्यावं. तिन्ही वेळा शेरा आला, "चर्चा करावी." चर्चा झाली नाही.

शेवटी अवमान याचिकेची नोटीस आली. न्यायालयाचा आदेश मोडल्याबद्दल शिक्षा का करू नये, असं त्यात साहेबांना विचारलं होतं. नानांनी तीही उभ्याने वाचली. वाचून झाल्यावर कागद परत चाळला, काहीतरी शोधल्यासारखा.

"माझं नाव राहिलं," ते म्हणाले.

आम्ही हसलो. कुणीतरी म्हणालं, नाना, सुटलात, पेढे द्या. ते हसले नाहीत.

उत्तराचं शपथपत्र सरकारी वकिलांच्या ऑफिसातून तयार होऊन आलं. त्यात लिहिलं होतं की आदेश मिळण्यापूर्वीच पत्र रवाना झालं होतं. साहेबांनी नानांना ते नोंदवहीशी ताडून खाली सही करायला सांगितलं. नानांनी ताडलं. म्हणाले, अकरा चाळीस आणि चार दहा, मधे साडेचार तास आहेत, साहेब. सही केली नाही. साहेबांनीही स्वतःची सही तारखेच्या दिवसापर्यंत लांबवली.

त्या दिवशी ऑफिसची गाडी मुंबईला गेली. साहेब पुढे, मागे नाना आणि मी. मूळ रेकॉर्ड न्यायचं होतं म्हणून नाना, फायली सांभाळायला मी. नानांच्या मांडीवर कापडी पिशवीत नोंदवही. हायवेवर चहाला थांबलो तेव्हा नानांनी पिशवीतून एक कागद काढून साहेबांच्या पुढ्यात ठेवला. बाईंना पूर्वीच्याच जागी पुन्हा हजर करून घेण्याचा आदेश होता. सगळं लिहून तयार, फक्त सही बाकी. बरोबर त्यांनी ऑफिसचा शिक्का आणि शाईचं पॅडही आणलं होतं.

"साहेब, चूक झाली तर कोर्ट ऐकून घेतं," नाना म्हणाले. "लपवलं तर नाय."

साहेबांनी कागद वाचला, घडी करून खिशात ठेवला आणि चहाही अर्धा टाकून गाडीत जाऊन बसले. मला वाटलं, आता नानांचं काही खरं नाही. ते मात्र शांतपणे डबा उघडून बसले होते. साहेब सकाळपासून उपाशी आहेत म्हणून अर्धी भाकरी त्यांनी ड्रायव्हरच्या हातून पुढे पाठवली. साहेबांनी ती खाल्ली.

न्यायालयाच्या दालनात शिरताना नाना दाराशी वाकून चपला काढायला लागले. तिथल्या शिपायाने दटावलं तेव्हा पुन्हा घातल्या. मागच्या बाकावर आम्ही दोघं बसलो. ती नर्सबाई पुढच्या बाकाच्या टोकाला होती, तिने आमच्याकडे पाहिलं नाही. आमचा नंबर पुकारला. सरकारी वकील उभे राहून म्हणाले की पत्र आदेशाच्या आधीच निघालं होतं, तसं शपथपत्र आम्ही दाखल करत आहोत. न्यायमूर्तींनी एवढंच विचारलं, आदेश किती वाजता मिळाला आणि पत्र किती वाजता निघालं. वकील साहेबांकडे वळले. साहेब फायलीत बघू लागले. मूळ रेकॉर्ड कुणाकडे आहे, असं न्यायमूर्तींनी विचारलं आणि माझ्या शेजारची जागा रिकामी झाली.

नानांनी नोंदवही पुढे दिली. बोलले मराठीतच. आदेश शुक्रवारी अकरा चाळीसला मिळाला, घेणारा मी. पत्र त्याच दिवशी चार दहाला निघालं, पाठवणारा मी. आवाज बारनिशीतल्यासारखाच होता, प्रत्येक शब्द सुटा.

न्यायमूर्तींनीही मराठीत विचारलं, "आदेश वाचला होता तुम्ही?"

"वाचला होता, साहेब. उभ्याने वाचला होता."

"मग पत्र का पाठवलंत?"

नानांनी न्यायमूर्तींपुढच्या नोंदवहीकडे पाहिलं.

"भीती वाटली. निवृत्ती जवळ आली, आता कशाला, असं वाटलं. तारीख खोटी घातली नाय, एवढ्यावर मी मनाचं समाधान करून घेतलं. पण पत्र पाठवायचं नव्हतंच." मग ते म्हणाले, "अवमान साहेबांच्या आधी माझ्या हातून झाला. याचिकेत माझं नाव राहिलं हाय. ते घालून घ्यावं."

तुम्हाला वकील हवा का, असं न्यायमूर्तींनी विचारलं. नाना म्हणाले, वाद घालायचाच नाही तर वकील कशाला.

मला तेव्हा कळलं की हा माणूस दोन महिने काय घेऊन बसला होता. माझ्या लेखी त्या शुक्रवारी त्यांचा विजय झाला होता, आणि त्यांच्या लेखी त्याच शुक्रवारी ते गुन्हेगार ठरले होते. शेजारच्या वकीलबाईंनी मला हळूच विचारलं, तुमचे कोण हे? मी म्हटलं, आमचे नाना.

मग अपेक्षा नसलेली गोष्ट झाली. साहेब उभे राहिले. त्यांच्या वकिलांनी त्यांना हाताने खुणावलं, तरी उभे राहिले. म्हणाले, यांनी मागची तारीख घालायला नकार दिला होता, पत्र पाठवायला मी भाग पाडलं, जबाबदारी माझी आहे. आणि खिशातला कागद काढला. न्यायमूर्तींनी प्रकरण थोड्या वेळाने पुन्हा पुकारायला सांगितलं. बाहेरच्या बाकावर साहेबांनी सही केली, नानांनी शिक्का मारला. सही होताना नानांनी कागद खालून धरून ठेवला होता.

बिनशर्त माफी नोंदवून घेतली गेली. साहेबांना खडसावलं गेलं, ते इंग्रजीत होतं आणि बराच वेळ चाललं. नानांना न्यायमूर्तींनी फार काही सुनावलं नाही. पहिलं पत्र ज्यांनी पाठवलं, त्यांनीच हा आदेश बाईंच्या कामाच्या जागी, त्यांच्या हातात, उद्या बारा वाजेपर्यंत नेऊन द्यावा, एवढं सांगितलं.

पुढचं एक आताच सांगून टाकते. काही महिन्यांनी नानांना ऑफिसकडून ठपका मिळाला. त्याची नोंद सेवापुस्तकात करायचं काम माझ्याकडे आलं. डाग नसलेलं पुस्तक होतं ते. मला लिहवेना. नाना माझ्या टेबलाशी येऊन बसले आणि त्यांनी मला ती नोंद तोंडी सांगितली. 'न्यायालयीन' मधला 'यी' मी ऱ्हस्व लिहिला होता, तो त्यांनी दीर्घ करून घेतला. आता नीट आहे, असं म्हणून उठले. त्याच ठपक्यासह ते निवृत्त झाले. त्याविरुद्ध अपील करा असं सगळ्यांनी सांगून पाहिलं. ठपका बरोबर आहे, म्हणायचे.

तर, दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही निघालो. माझ्या स्कूटीवर, नाना मागे, पिशवी मांडीवर. सफाळ्यापासून आत रस्ता उखडलेला होता, शेवटचा चढ चालत चढावा लागला. नाना दोनदा थांबले. बाई ओटीवरच बसली होती, पांढरी साडी नेसून. पाड्यावरच्या सातआठ बायका पोरं घेऊन आल्या होत्या. लसीकरणाचा दिवस होता आणि बाई आज येणार ही बातमी आधीच पोचलेली होती.

नानांनी आदेश दोन्ही हातांनी दिला. तिने वाचला, पोचेवर सही केली. नानांनी कुलपाची किल्ली दिली. तिने दार उघडलं, खिडक्या उघडल्या, आत झाडू मारला. आम्ही बाहेर उभे. कामाला लागण्याआधी ती दारात आली तेव्हा नानांनी हात जोडले.

"बाई, ते पाकीट मी पाठवलं होतं."

"माहीत हाय. वर तुमचीच सही होती."

"माझी चूक झाली."

तिने आवाज चढवला नाही. म्हणाली, "कुलूप होतं तेवढ्यात ह्या पाड्यावर दोघी घरातच बाळंत झाल्या. एकीकडं मी धावत पोचले, हातात सामान काय नाय. दुसरीकडं तर कोणीच नव्हतं. देवाची कृपा, दोघी बऱ्या हायत." तिने ओटीच्या टोकाकडे मान हलवली. "त्या बघा बसल्यात. माफी मागायची तर तिकडं मागा. माझं काय, मला कोर्टानं दिली नोकरी."

ती आत गेली. मी नानांच्या तोंडाकडे पाहिलं आणि नजर काढून घेतली. म्हटलं, नाना, पालघरला पोचून आजच अहवाल पाठवायचा आहे. त्यांनी ऐकलं नाही. ते ओटीच्या त्या टोकाला गेले. दोन मुली होत्या, विशीच्या आतबाहेरच्या. दोघींच्या पदरात दीड महिन्याची पोरं. नाना त्यांच्यापुढे हात जोडून उभे राहिले. बावीस वर्षं प्रत्येक कागदाला नेमका शब्द शोधणारा माणूस तिथे नुसता ओठ हलवत होता.

त्या मुलींना कुठलं पाकीट नि कुठला आदेश. दोघींनी एकमेकींकडे बघितलं. म्हातारा बाळाकडे बघतोय, हात पुढे करतोय, एवढंच त्यांना दिसलं. एक जण हसली.

"घे ना, बाबा," ती म्हणाली आणि पदरातलं पोर तिने त्यांच्या जोडलेल्या हातांत ठेवलं.

नानांनी हात पटकन ओंजळीसारखे केले. पोर जागं होतं. ते त्यांच्या शर्टाचं बटण बघत होतं. आतून बाईने पहिलं नाव पुकारलं, तशी त्याची आई उठून उभी राहिली, पण तिने पोर परत मागितलं नाही. ती पुढे चालायला लागली आणि नाना तिच्या मागोमाग, एक एक पाऊल जपून टाकत, उपकेंद्राच्या आत गेले.